आधी कांदा, मग किनारा

नोव्हेंबर ते मार्च या दिवसांत फ्रान्समधल्या रॉस्कॉफला उतरलात आणि वारा दक्षिणेकडून सुटलेला असला, तर पहिला वास समुद्राचा येत नाही. येतो तो फ्लॉवरच्या पाल्याचा. गड्डे कापून नेले की पानं शेतातच राहतात, पावसात भिजतात, कुजतात, आणि सगळ्या गावावर उकडलेल्या कोबीसारखा एक दमट, उग्र दर्प पसरतो. पर्यटनाच्या पत्रकांत हा वास नसतो. तिथे निळं पाणी, ग्रॅनाइटची जुनी घरं आणि समुद्रस्नानाची केंद्रं असतात. पण गावाची ओळख करून घ्यायची तर नाकाचं ऐकावं. समुद्रकाठची बहुतेक पर्यटनस्थळं समुद्र विकून उभी राहिली. रॉस्कॉफने आधी भाजी विकली. पाहुणे त्या भाजीच्या मागोमाग आले.

फ्रान्सचा वायव्य कोपरा म्हणजे ब्रेतान्य. त्याचंही टोक म्हणजे फिनिस्तेर. नावाचा अर्थच ‘जमिनीचा शेवट’. त्याच्या उत्तर किनाऱ्यावरच्या मुलखाला लेऑं म्हणतात, आणि तिथे समुद्रात घुसलेल्या जिभेच्या शेंड्यावर साडेतीन हजारांच्या आतबाहेर वस्तीचं हे गाव आहे. सोळाव्या शतकात इथल्या जहाजमालकांनी स्वतःच्या पैशाने चर्च बांधलं आणि त्याच्या भिंतींवर देवदूतांच्या जोडीला आपली गलबतंही कोरून घेतली. घंटाघरावर दगडी तोफासुद्धा आहेत. पैसा कुठून आला हे लपवायची या गावाला कधी लाज वाटली नाही.

शेत समुद्राच्या इतकं जवळ कसं, हे पहिल्यांदा पाहणाऱ्याला कळत नाही. खाऱ्या वाऱ्यात भाजी जळायला हवी. पण तोच समुद्र हिवाळ्यात ऊबही देतो. जानेवारीत सरासरी तापमान सात अंशांच्या आसपास राहतं, गोठणारं दहिवर क्वचित पडतं, आणि पडलंच तर सकाळी उन्हाबरोबर निघून जातं. किनारा सोडून आत गेलं की ही चैन संपते. जमीन बारीक, वाऱ्याने आणून टाकलेल्या पोयट्याची. दगडगोटे कमी, पाणी धरून ठेवणारी. खाली ग्रॅनाइट असल्यामुळे ती आम्लाकडे झुकते, म्हणून पिढ्यान्‌पिढ्या शिंपल्यांची वाळू आणून मिसळत आले. आणि खत म्हणजे शेवाळ. ही आपल्या डबक्यातली हिरवी साय नव्हे. दोन-दोन, तीन-तीन मीटर लांबीचे तपकिरी, चामड्यासारखे पट्टे असतात हे. हिवाळ्यातल्या वादळांनी ते किनाऱ्यावर ढिगांनी फेकलं जातं. पूर्वी घोडागाड्या लावून उचलत, आता ट्रॅक्टर लावतात. ते शेतात पसरून पावसाखाली ठेवायचं, मीठ धुऊन जाऊ द्यायचं, मगच मातीत गाडायचं. घाई केली तर कोवळी रोपं मिठाने करपतात. पोटॅश भरपूर, आणि तणाचं बी एकही नाही. शेणखताला हा शेवटचा गुण कधी जमला नाही.

आता कांदा. रॉस्कॉफचा कांदा गुलाबी, पातळ सालीचा, कच्चा खाल्ला तर गोडसर, डोळ्यांत पाणी जरा बेतानेच आणणारा. १६४७ साली एका कापुचिन साधूने लिस्बनहून बी आणून मठाच्या बागेत पेरलं, असं सांगितलं जातं. बंदरात थांबणाऱ्या जहाजांना टिकाऊ भाजी हवी असायची. कांदा महिनोन्‌महिने टिकतो आणि खलाशांना स्कर्व्हीपासून वाचवतो. पण जहाजं किती खाणार? पॅरिस रस्त्याने साडेपाचशे किलोमीटर, तेही तेव्हाच्या रस्त्यांनी. उलट समुद्रापलीकडचं प्लिमथ नाकासमोर उत्तरेला सुमारे १८० किलोमीटर. १८२८ मध्ये आंरी ऑलिव्हिए नावाच्या तरुण शेतकऱ्याने काही साथीदार घेऊन कांद्याने भरलेली बोट इंग्लंडला नेली आणि रिकामी करून आणली. पुढची शंभर वर्षं गावाचं पंचांग त्यावर ठरलं. जुलैत सांत-बार्बच्या १६१९ सालच्या पांढऱ्या चॅपलची जत्रा करायची आणि मग निघायचं. बोट बंदराबाहेर पडताना शेवटी दिसायचं तेही ते चॅपलच.

इंग्रजांनी या फेरीवाल्यांना ‘जॉनी’ म्हटलं. बऱ्याच जणांचं नाव यान किंवा जाँ असायचं, आणि टोळीत पोरंही असायची. पलीकडच्या एखाद्या बंदरात गोदाम भाड्याने घ्यायचं, कांद्याच्या ढिगाशेजारीच झोपायचं, रात्री माळा ओवायच्या, दिवसा काठीवर टांगून दारोदार विकायच्या. पहिल्या महायुद्धानंतर काठीची जागा सायकलने घेतली. बेरे टोपी, सायकल आणि हँडलला कांद्याच्या माळा, हे ‘फ्रेंच माणसाचं’ ब्रिटिश व्यंगचित्र इथूनच आलं. म्हणजे एका आडबाजूच्या मुलखातले, घरी फ्रेंचही न बोलणारे ब्रेतों शेतकरी सगळ्या फ्रान्सचा चेहरा होऊन बसले. वेल्समध्ये त्यांना भाषेचं फारसं अडलं नाही. ब्रेतों आणि वेल्श बहिणी-बहिणी. भाकरीला दोन्हीकडे ‘बारा’च म्हणतात. वेल्श लोक त्यांना ‘शोनी विनुन्स’ म्हणत, म्हणजे कांद्याचा जॉनी.

धंदा जिवावरचाही होता. नोव्हेंबर १९०५ मध्ये साउदॅम्प्टनहून सें-मालोकडे येणारं ‘हिल्डा’ हे जहाज बर्फाच्या वादळात बंदर जवळ असताना खडकावर फुटलं. हंगाम संपवून, कमाई कमरेला बांधून परतणारे जॉनी त्यात होते. सगळ्या जहाजावरचे मिळून सहा जण वाचले, त्यांतले पाच जॉनी. पुढे १९३० च्या दशकात पौंड घसरला, ब्रिटनने आयातीवर बंधनं घातली, मग युद्ध आलं. आज समुद्र ओलांडून फेरी करणारे जॉनी अगदी थोडे उरलेत. कांद्याला मात्र २००९ मध्ये फ्रान्सचं आणि २०१३ मध्ये युरोपचं उत्पत्तिस्थानाचं संरक्षण मिळालं. अलिबागच्या रस्त्यावर पांढऱ्या कांद्याच्या माळा लटकलेल्या पाहिलेल्याला, आणि त्या कांद्याला २०२२ मध्ये मिळालेलं जीआय मानांकन माहीत असलेल्याला, हे सारं परकं वाटणार नाही.

माळ कशी होते ते जवळून पाहण्यासारखं आहे. जुलैअखेर-ऑगस्टमध्ये पात आडवी पडली की कांदा उपटायचा आणि शेतातच ओळीने पडू द्यायचा. हवा चांगली असेल तर आठवडा, नाहीतर दोन. वाळायला हवी ती मान. बाहेरून कांदा कोरडा दिसतो, पण मान दाबली आणि बोटांना ओल लागली, तर सड तिथूनच आत उतरते, आणि माळेतला एक सडला की खालचा ओला होतो. उलट पात फार वाळली तर वळताना तिचा भुगा होतो. म्हणून जाणते लोक माळा दमट हवेच्या दिवशी किंवा सकाळी लवकर करतात, तेव्हा पात लवचीक असते. मुळं कापायची, मातकट वरची साल बोटाने काढायची, खालची गुलाबी साल फाटू द्यायची नाही. राफियाची दोरी आकड्याला बांधायची. सगळ्यांत मोठे दोन-तीन कांदे तळाशी घट्ट आवळायचे, कारण सगळ्या माळेचं वजन तेच पेलतात. मग एक डावीकडून, एक उजवीकडून. प्रत्येकाच्या मानेभोवती दोरीचा वेढा, वर जाताना कांदे लहान होत जाणारे. वेढा सैल राहिला तर वाळल्यावर मान आणखी आकसते आणि कांदा निसटतो. नवशिक्याची माळ महिन्याभरात जमिनीवर येते ती यामुळे. एक ते दोन किलोची माळ झाली की वर फास. घरी आणल्यावर ती कोरड्या, वारं खेळणाऱ्या जागी टांगावी, फ्रिजमध्ये नाही. आणि कांदा ओढून काढू नये; मानेचं बोंडुक दोरीत ठेवून कात्रीने कापावा, नाहीतर शेजारचे सुटतात.

कांद्याने गावाला समुद्र ओलांडायला शिकवलं. बंदर बांधून घेतलं ते फ्लॉवरने.

फ्लॉवरची रोपं जुलै-ऑगस्टमध्ये लागतात. एकाच दिवशी लावली तरी एकाच दिवशी तयार होऊ नयेत म्हणून महिन्यामहिन्याच्या वेगवेगळ्या जाती निवडतात, आणि ऑक्टोबरपासून मेपर्यंत कापणी चालते. गड्डा पांढरा राहतो तो पानांमुळे. आतली पानं त्याच्यावर मिटलेली असतात, आणि उघडलाच तर एखादं पान मोडून वर झाकतात, म्हणजे ऊन आणि दहिवर दोन्ही लागत नाहीत. कापणी हातानेच. गड्डा किती भरला हे पानं बाजूला करून पाहावं लागतं, आणि एकाच शेतातून पुन्हा पुन्हा फिरावं लागतं. गोम अशी, की फेब्रुवारीत आठवडाभर अवेळी ऊब आली तर तीन आठवड्यांचा माल एका आठवड्यात फुगतो. दोन दिवस उशीर केला तर गड्डा सुटतो, दाणे विलग होतात, किंमत संपते. सगळ्यांचाच माल एकदम येतो आणि भाव कोसळतो. नाशिकच्या कांदेवाल्याला हे समजावून सांगायला नको.

दुसऱ्या महायुद्धानंतर हेच वारंवार झालं. सें-पोल-द-लेऑं हे बाजाराचं गाव इथून पाच किलोमीटरवर. तिथे गाड्यांची रांग लागायची, व्यापारी रांगेतून फिरत भाव सांगायचे, आणि दुपारपर्यंत माल गाडीतच असला की शेतकरी काहीही कबूल व्हायचा. ८ जून १९६१ ला पहाटे शेतकऱ्यांनी मोर्ले इथल्या उपजिल्हा कचेरीचा ताबा घेतला. त्यांचे पुढारी अलेक्सी गूर्वेनेक तेव्हा पंचविशीत होते. त्यांना आणि मार्सेल लेऑं यांना अटक झाली, खटला चालला, आणि दोघे निर्दोष सुटले. त्याच वर्षी शेतकऱ्यांनी आपली विक्री संस्था उभी केली आणि तबकडीवरचा उतरता लिलाव आणला. काटा वरच्या भावापासून खाली सरकत येतो. ज्याला माल हवा त्याने बटण दाबायचं. थांबलात तर स्वस्त मिळेल, पण शेजारचा आधी दाबेल. सगळे खरेदीदार एकाच तबकडीकडे बघत बसलेले, त्यामुळे रांगेतून फिरून कानात भाव सांगायची सोयच उरली नाही. ठरलेल्या भावाखाली काटा गेला तर माल बाजारातून मागे घेतला जातो.

पण माल जाणार कुठे? पॅरिस दूरच होतं, आणि ब्रिटन युरोपीय बाजारात येऊ घातलं होतं. रॉस्कॉफच्या जुन्या बंदरात ओहोटीला चिखलच उरतो, मोठी बोट लागणार कशी! गूर्वेनेक यांनी पॅरिसकडून रस्ते, टेलिफोन आणि खोल पाण्याचं बंदर यांची मागणी लावून धरली. गावाच्या पूर्वेला ब्लॉस्कॉंचं बंदर झालं. पण तिथून बोट चालवायला एकही कंपनी तयार होईना. मग शेतकऱ्यांनी स्वतःच जहाज घेतलं, त्याला सें-पोलजवळच्या आपल्या बाजाराच्या जागेचं ‘केरिनेल’ हे नाव दिलं, आणि जानेवारी १९७३ च्या सुरुवातीला, ब्रिटन युरोपीय समुदायात दाखल झालं त्याच आठवड्यात, ते प्लिमथला निघालं. हीच पुढे ब्रिटनी फेरीज झाली. सहकारी साखर कारखाने पाहिलेल्या मराठी माणसालाही सहकारातून जहाज कंपनी ही उडी मोठी वाटेल.

नेमलेलं काम ट्रक नेण्याचं. पण पलीकडचे लोक विचारू लागले, आम्हाला येता येईल का? वर्षभरातच, १९७४ मध्ये, प्रवाशांसाठी ‘पेन-आर-बेद’ ही बोट आणावी लागली. १९७८ मध्ये आयर्लंडचं कॉर्क जोडलं गेलं. आज उन्हाळ्यात ब्लॉस्कॉंला बोटीच्या पोटातून चाकांवरच्या घरांची रांग बाहेर पडते ती पाहून कुणालाही वाटेल, बंदर यांच्यासाठीच बांधलं. फ्लॉवरसाठी ठेवलेल्या जागेत बसून ते आले, एवढंच.

रेल्वेचीही कथा तीच, जरा आधीची. १८८३ मध्ये मोर्लेहून इथवर रूळ आले. भाजी पॅरिसकडे गेली आणि परतीला सुट्टीवरची माणसं आली. जून २०१८ मध्ये पावसाने रुळाखालचा भराव वाहून गेला आणि गाडी बंद पडली. आता पॅरिसहून वेगवान गाडीने तीनेक तासांत मोर्ले, आणि पुढे बस. बसचं वेळापत्रक गाडीशी जुळलेलं असतं, पण शेवटची बस लवकर सुटते. संध्याकाळच्या गाडीने येणाऱ्याने ते आधी पाहावं.

स्नानाचं गाव म्हणून रॉस्कॉफचा मान मोठा आहे. १८९९ मध्ये डॉ. लुई बागो यांनी रॉकरूम इथे समुद्राचं पाणी तापवून सांध्यांवर उपचार सुरू केले. फ्रान्समधली ही अशी पहिली संस्था. त्याआधी १८७२ मध्ये प्राणिशास्त्रज्ञ लाकाझ-द्युतिए यांनी इथे सागरी जीवशास्त्राचं केंद्र काढलं, कारण ओहोटीला इतका विस्तीर्ण आणि इतक्या तऱ्हांच्या जिवांनी भरलेला तळ उघडा पडणाऱ्या जागा थोड्याच. बाकी उपचारांबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. गंमत एकच: शेतकरी ज्याचं खत करतो तेच शेवाळ वाटून, गरम करून पाहुण्यांच्या अंगाला फासतात, आणि दर अर्थातच शेतातल्यापेक्षा चढा असतो.

ओहोटीबद्दल मात्र लिहायला हवं, कारण पाहुणे चुकतात ते इथेच. मुंबईला पाच मीटरच्या जवळपासची भरती म्हणजे बातमी होते. इथे उधाणाच्या दिवसांत भरती आणि ओहोटीत आठ-नऊ मीटरचा फरक पडतो, दिवसातून दोनदा. फ्रेंच तक्त्यात प्रत्येक दिवसाच्या भरतीला २० ते १२० असा अंक दिलेला असतो. ७० मधला, ४५ च्या खाली भांग, म्हणजे कमी चढउताराची भरती, ९५ च्या वर जोराचं उधाण. कोकणातला तिथीला पाऊणपट करून भरतीची वेळ काढायचा हिशेब इथे लावाल तर फसाल. पौर्णिमेला आपल्याकडे दुपारी पाणी भरतं, इथे भर दुपारी ते सर्वांत दूर गेलेलं असतं. आणि तक्ता घेताना त्यात उन्हाळ्याचा एक तास मिळवलेला आहे की नाही हे पाहावं. या एका तासाने बरेच जण अडकतात.

पाणी चढतं तेही सारख्या वेगाने नाही. फरक ८.४ मीटर धरा. पहिल्या तासात ७० सेंटीमीटर, दुसऱ्यात १.४ मीटर, तिसऱ्या आणि चौथ्यात प्रत्येकी २.१, मग पुन्हा १.४ आणि ०.७. पहिल्या तासात काही घडल्यासारखंच वाटत नाही, म्हणून माणूस शिंपल्या वेचत राहतो. तिसऱ्या तासात, शंभराला एक असा उतार असेल तर, पाण्याची कड तासाला २१० मीटर पुढे येते. शिवाय ती समोरूनच येईल असं नाही. मागच्या सखल भागातून वाट आधी बंद होते. जवळच्याच कारांतेक गावातून कालो बेटावर ओहोटीला रस्त्याने चालत जाता येतं, आणि रस्ता कधी बुडणार ते सुरुवातीला लिहिलेलं असतं. तरी जेवणावर अर्धा तास जास्त गेला की पुढचे काही तास बेटावरच. अलिबागला कुलाबा किल्ल्यात रमलेल्यांची गत हीच. साधा नियम: पाणी उतरत असतानाच जायचं आणि पूर्ण ओहोटीच्या वेळेला परत वळायचं. दगड उलटा केला तर होता तसा परत ठेवायचा. खालच्या बाजूचे जीव उजेडात मरतात, वरचं शेवाळ खाली गुदमरतं.

समोर दिसणाऱ्या बेटाचं नाव ‘बाट्झ’ लिहितात, म्हणतात ‘बा’. बोटीने पंधरा मिनिटं. पण बोट सुटते कुठून? भरतीला जुन्या बंदराच्या धक्क्यावरून, ओहोटीला जवळपास सहाशे मीटर लांबीच्या चिंचोळ्या पुलाच्या टोकावरून. वेळापत्रकात वेळेपुढे ते लिहिलेलं असतं, आणि कोणी वाचत नाही. सामान घेऊन पूल चालायला आठ-दहा मिनिटं लागतात, आणि धक्क्यावर उभं राहून बोट दूर टोकाहून निघताना दिसते. बेटावर बटाट्याची शेतं, शेवाळाचे ढीग, आणि १८९७ पासून जॉर्ज देलासेल या पॅरिसकराने वाऱ्याच्या आडोशाला लावत नेलेली ताडामाडांच्या जातीची बाग. थंडी फार पडत नाही याचा हा दुसरा पुरावा, पहिला फ्लॉवर.

खायचं म्हणाल तर किनाऱ्यावरच्या उपाहारगृहांत सगळीकडे मासळी मिळेल. लेऑंचं स्वतःचं जेवण वेगळं, ‘किग हा फार्झ’: मांस आणि पीठ. गोमांस आणि खारवलेलं डुकराचं मांस गाजर, कोबी, लीकबरोबर संथ शिजतं, आणि त्याच पातेल्यात कापडी पिशवीतलं पीठ. अर्धा किलो कुट्टूचं पीठ, अर्धा लिटर दूध, एक-दोन अंडी, शंभर ग्रॅम वितळलेलं लोणी, मीठ आणि त्याच रश्शाचे एक-दोन पळे. पिशवी आधी ओली करून पिळायची, पीठ ओतून दोरीने बांधायची, पण वर चार बोटं जागा सोडून. गच्च भरली तर पीठ फुगायला जागा मिळत नाही आणि आत दगड होतो. सैल बांधली तर रस्साच आत शिरतो. दोन तासांनी पिशवी बाहेर काढून ताटावर हाताने लाटण्यासारखी मागेपुढे लोळवायची, म्हणजे आतल्या गोळ्याचा रवाळ चुरा होतो.

त्याच्यावर लिपिग. चार गुलाबी कांदे बारीक चिरून शंभर ग्रॅम खारवलेल्या लोण्यात, अगदी मंद आचेवर, पाणी न घालता पाऊण तास. कडा तपकिरी व्हायला लागल्या तर आच जास्त आहे; कांदा विरघळायला हवा, तळायला नको. हा चुऱ्यावर ओतायचा, आणि उरलेला चुरा दुसऱ्या दिवशी सकाळी लोण्यात खरपूस परतायचा.